ज्याचं हातावर पोट, त्याचा हात किती टक्के?

रस्त्यावरच्या अपघातात कायमचं अपंगत्व आलेल्या कुणाला न्यायालयाने तीस-चाळीस लाखांची भरपाई दिल्याची बातमी आली की पुढची चर्चा ठरलेल्या दोन वाटांनी जाते. एक बाजू म्हणते, पाय मोडला म्हणून चाळीस लाख? मग गाडीच्या विम्याचा हप्ता वाढणार नाही तर काय होणार? एकदाचा तक्ता करून टाका, बोट गेलं तर इतके, डोळा गेला तर इतके, आणि न्यायाधीशांच्या मर्जीवर काही ठेवू नका. दुसरी बाजू कळवळून म्हणते, माणसाच्या देहाची किंमत पैशात कशी करणार? पहिल्यांना हिशेब सोपा हवा आहे, दुसऱ्यांना हिशेबच नको आहे. ज्याचा पाय गेला त्याला मात्र हिशेब हवा असतो, आणि तो बरोबर हवा असतो.

माझं म्हणणं सुरुवातीलाच सांगतो. भरपाई जखमेची करायची नसते. जखमेमुळे घरात जे येणं बंद झालं आणि घरातून जे देणं वाढलं, त्याची करायची असते. म्हणून अपंगत्वाच्या दाखल्यावर डॉक्टरांनी लिहिलेला टक्का तसाच उचलून रकमेला लावणं हा अन्याय आहे, मग तो विमा कंपनीने लावो, तडजोडीला बसलेल्या वकिलांनी लावो, की सोयीसाठी केलेल्या सरकारी तक्त्याने. आणि हा अन्याय सगळ्यांवर सारखा होत नाही. ज्याचं पोट हातावर आहे, त्याच्यावर तो सर्वांत जास्त होतो.

आमचं घर ज्या मिस्त्रींनी बांधलं, त्यांच्या दाव्याचे कागद गेली दोन वर्षं मी पाहतो आहे. अपघाताच्या वेळी त्यांचं वय ३८. कामावरून परतताना मागून आलेल्या टेम्पोने मोटारसायकल उडवली आणि उजव्या घोट्याचा चुरा झाला. प्लेट बसवली, स्क्रू बसवले, हाड जुळलं, पण सांधा कायमचा आखडला. आज ते सपाट रस्त्यावर चालतात, अनोळखी माणसाला थोडंसं लंगडणं दिसेल इतकंच. पण गवंड्याचं काम सपाट रस्त्यावर होत नाही. फरशी बसवायची तर दिवसभर उकिडवं बसावं लागतं, आणि उकिडवं बसायला घोटा वाकावा लागतो. बाहेरून गिलावा करायचा तर परांचीवर चढावं लागतं, बांबूवर पाऊल आडवं रोवून एका हाताने ओळंबा सोडावा लागतो. त्यांचे दोन्ही हात शाबूत आहेत, थापी अजून पूर्वीसारखीच फिरते, पण ती फिरवायला भिंतीपाशी पोचता आलं पाहिजे ना? दाखल्यावर लिहिलंय: उजव्या पायाचं अपंगत्व ४५ टक्के, संपूर्ण शरीराच्या मानाने १५ टक्के. एक ओळ, खाली सही आणि शिक्का. ‘गवंडी’ हा शब्द त्या कागदावर कुठेच नाही. उलटतपासणीत विमा कंपनीच्या वकिलांनी विचारलं, “तुम्ही इथपर्यंत चालत आलात ना?” मिस्त्री म्हणाले, “हो साहेब, चालतच आलो.” त्यांनी खरं तेच सांगितलं, आणि तेच त्यांच्याविरुद्ध नोंदलं गेलं.

आता त्या एका ओळीने काय होतं ते बघा. मृत्यूच्या आणि कायमच्या अपंगत्वाच्या दाव्यांत वयाप्रमाणे गुणक, म्हणजे वर्षाच्या कमाईला ज्याने गुणायचं तो आकडा, लावतात. सर्वोच्च न्यायालयाने २००९ च्या सरला वर्मा निकालात ते ठरवून दिले आहेत आणि ३६ ते ४० या वयाला गुणक १५ आहे. २०१७ च्या प्रणय सेठी निकालाप्रमाणे चाळिशीच्या आतला माणूस स्वतःच्या कामावर कमावत असेल, तर पुढे होणाऱ्या वाढीपोटी उत्पन्नात ४० टक्के मिळवायचे. मिस्त्रींची कमाई महिना पंधरा हजार धरू. वर्षाचे १,८०,०००, वाढ धरून २,५२,०००, गुणिले १५ म्हणजे ३७,८०,०००. याला दाखल्यावरचे १५ टक्के लावले तर हातात येतात ५,६७,०००. पण पूर्वी आठवड्याला सहा दिवस मिळणारं काम आता जेमतेम दोन दिवस मिळतं, तेही जमिनीवर उभं राहून करण्याजोगं असेल तर. कमाईची ताकद ६० टक्के गेली असं धरलं तर रक्कम होते २२,६८,०००. सतरा लाखांचा फरक, आणि तो कायद्यातून आलेला नाही. शरीराचा टक्का आणि कमाईचा टक्का एकच आहे असं न बोलता धरून चालण्यातून आला आहे.

कायदा तर हे धरून चालू नका असंच सांगतो. मोटार वाहन कायद्याच्या कलम १६८ मध्ये शब्द आहे ‘न्याय्य’ भरपाई. ऑक्टोबर २०१० मध्ये राजकुमार विरुद्ध अजयकुमार या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने त्याचा अर्थ अगदी पायरी-पायरीने उलगडला: अपंगत्वामुळे माणसाला कोणत्या गोष्टी करता येतात आणि कोणत्या येत नाहीत हे आधी पाहा, मग अपघातापूर्वी तो काय काम करत होता ते पाहा, मग त्या कामातलं किंवा दुसऱ्या एखाद्या कामातलं काय उरलं ते ठरवा. तिथलं उदाहरण कुणालाही पटावं असं आहे. डावा हात तुटला तर वैद्यकीय टक्का साठच्या आसपास येईल. पण तो माणूस ड्रायव्हर किंवा सुतार असेल तर त्याची कमाई जवळजवळ शंभर टक्के गेली, आणि सरकारी कारकून असेल तर नोकरी टिकूही शकेल. सुताराचं उदाहरण इथे सहज आलेलं नाही. सत्तरच्या दशकाच्या मध्यात कामगार नुकसानभरपाईच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानेच म्हटलं होतं की कोपराच्या वर डावा हात गेलेला सुतार एका हाताने सुतारकाम करू शकत नाही, त्यामुळे त्याचं अपंगत्व पूर्णच मानायचं. २०१८ मध्ये दोन्ही हात निकामी झालेल्या तरुण सुताराचा दाखला ९० टक्क्यांचा होता, न्यायालयाने कमाईची हानी १०० टक्के धरली. चाळीसहून अधिक वर्षं देशाचं सर्वोच्च न्यायालय तेच सांगतं आहे, आणि तरी तालुक्या-जिल्ह्याच्या ठिकाणी तडजोडीला बसलं की पहिला प्रश्न येतो, “परसेंटेज किती आहे?”

टक्क्याची ही ओढ येते कुठून? ती फार जुनी आहे. सातव्या शतकात इंग्लंडमधल्या केंटच्या एथेलबर्ट राजाच्या कायद्यात अंगठ्याला वीस शिलिंग आणि अंगठ्याच्या नखाला तीन शिलिंग असा दर लिहिलेला आहे. आपल्याकडे सभासदाच्या बखरीत अफझलखानाच्या प्रसंगानंतरचं वर्णन येतं. महाराजांनी जखमींना जखम पाहून पंचवीस, पन्नास, शंभर, दोनशे असे होन दिले. पण त्याच ठिकाणी आणखी एक गोष्ट नोंदली आहे, तिच्याकडे कमी लोकांचं लक्ष जातं. जे लढाईत कामी आले त्यांच्या मुलांचं चालवलं, आणि ज्यांना मुलगा नव्हता त्यांच्या बायकांना निमं वेतन लावून दिलं. जखमीला दिलं ते शौर्याचं बक्षीस होतं, ते जखम पाहून देणं योग्यच. मागे राहिलेल्या बाईला दिलं ते मात्र घर चालावं म्हणून, आणि त्याला माप लावलं ते वेतनाचं. सतराव्या शतकात ज्यांना हा फरक उमगला होता, त्यांचं नाव घेणाऱ्या महाराष्ट्रात आज परांचीवरून उतरलेल्या माणसाला नुसती जखम पाहून मोजावं?

तक्त्याच्या बाजूने जे म्हटलं जातं त्यातलं बरंच खरं आहे, आणि ते मान्य केल्याशिवाय पुढे जाणं प्रामाणिकपणाचं होणार नाही. २०२२ या एका वर्षात देशात रस्ते अपघातांत ४,४३,३६६ माणसं जखमी झाली, ही केंद्र सरकारची आकडेवारी आहे. त्यातल्या कायम अपंग झालेल्या प्रत्येकाचं काम, वय, घर, भविष्य वेगळं तपासायचं म्हटलं तर वर्षानुवर्षं जाणार, आणि ती जातात. सारख्याच जखमेला अपघाताचे दावे चालवणाऱ्या एका न्यायाधिकरणात तीन लाख आणि दुसऱ्यात तेरा लाख मिळाले तर माणसाचा न्यायावरचा विश्वास उडतो. तक्ता निदान अंदाज तरी देतो, आणि वकिलाशिवाय कळतो.

पण आपण तक्ता करून पाहिलेला आहे. १९९४ च्या दुरुस्तीने कायद्यात कलम १६३-अ आणि त्याबरोबर दुसरी अनुसूची आली. चूक कुणाची ते सिद्ध न करता ठरलेल्या सूत्राने पैसे मिळावेत हा तिचा हेतू होता आणि तो चांगला होता. दोनच वर्षांत, १९९६ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाला नोंदवावं लागलं की त्या तक्त्यात हिशेबाच्याच चुका आहेत. कमाई नसलेल्या माणसाचं वार्षिक उत्पन्न त्यात १५,००० रुपये धरलं होतं. २०१३ मध्ये न्यायालयाने पुन्हा सुनावलं, तरी तो आकडा २०१८ पर्यंत, म्हणजे चोवीस वर्षं, होता तिथेच राहिला. या चोवीस वर्षांत दूध, डिझेल, औषधं, शाळेची फी कुठून कुठे गेली हे मी सांगायला हवं का? २०१८ मध्ये नवं सूत्र आलं, ते एप्रिल २०२२ पर्यंत चाललं आणि ते असं होतं: पाच लाख गुणिले कामगार नुकसानभरपाई कायद्याच्या पहिल्या अनुसूचीतला टक्का. त्या अनुसूचीत अंगठा ३० टक्के आहे. म्हणजे शिंप्याचा अंगठा दीड लाख, तबला वाजवणाऱ्याचा दीड लाख आणि रात्रपाळीच्या वॉचमनचाही दीड लाख. ही समानता दिसायला फार स्वच्छ आहे, पण ज्याला सुईत दोरा ओवता येत नाही त्याला तिचा काय उपयोग? तक्ता बदलण्याचं काम कायम कुणाच्या तरी टेबलावर पडून राहतं, आणि तोवर त्याची किंमत जखमी माणूस भरत असतो. २०१६ च्या दुरुस्ती विधेयकात तर विमा कंपनीची जबाबदारीच मृत्यूला दहा लाख आणि गंभीर दुखापतीला पाच लाख यावर थांबवायचा प्रस्ताव होता. तो पुढे मागे घेतला गेला, हे बरं झालं.

यापेक्षा मोठा आक्षेप दुसरा आहे, आणि तो मलाही बराच काळ छळत होता. कमाईवर भरपाई मोजायची म्हणजे श्रीमंताचा पाय महाग आणि गरिबाचा स्वस्त, असंच नाही का झालं? कंपनीच्या मॅनेजरला कोटभर आणि मजुराला पाच लाख, यात न्याय कुठे आहे? एका मर्यादेपर्यंत हे खरं आहे, आणि ते पूर्ण पुसता येणार नाही, कारण समाजातली विषमता अपघाताच्या आधीपासूनची आहे. पण तक्ता ती कमी करतो हा समज चुकीचा आहे. मॅनेजरचा घोटा आखडला तर तो लिफ्टने वर जातो आणि खुर्चीत बसून तोच पगार घेतो. त्याच्या कमाईची हानी शून्याजवळ असू शकते. मिस्त्रींचं भांडवल म्हणजे त्यांचा देह, आणि त्यातला एक सांधा गेला की सगळा धंदा बसतो. दोघांना पंधरा टक्के लावणं म्हणजे ज्याचं थोडं गेलं त्याला जास्त आणि ज्याचं सगळं गेलं त्याला कमी देणं. कामाकडे पाहून मोजणी केली तर ती बहुतेक वेळा अंगमेहनतीच्या माणसाच्याच बाजूने झुकते. न्यूझीलंडने १९७४ पासून अपघाताच्या दाव्यांची न्यायालयीन लढाईच बंद केली, हे उदाहरण तक्तेवाले आवडीने देतात. पण तिथे काम करता न येणाऱ्या माणसाचा मुख्य आधार काय असतो? दर आठवड्याला मिळणारी, आधीच्या कमाईच्या ८० टक्के रक्कम. लढाई काढून टाकली तरी कमाईचा हिशेब त्यांनी ठेवलाच.

विषमता जिथे खरोखर घुसते ती जागा वेगळी आहे. मॅनेजरकडे फॉर्म १६ असतो, मिस्त्रींकडे मुकादमाची हजेरीवही असते, तीही अर्धी फाटलेली. पुरावा नाही म्हणून रोजंदारीवाल्याचं उत्पन्न न्यायाधिकरणात अनेकदा त्याच्या खऱ्या मजुरीच्या निम्म्यावर धरलं जातं. २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बजावलं की पगाराचा दाखला नसेल तर किमान वेतनाचा आधार घ्यावा, पण तेवढ्यावर अडून बसू नये, परिस्थिती पाहून थोडा अंदाजही करावा. अंदाज या शब्दाला घाबरायचं कारण नाही. आमच्या गावात मिस्त्रीची हजेरी किती हे न्यायाधीशांच्या शिपायालाही ठाऊक असतं.

खोट्या दाव्यांचं काय? ते होतात. उत्तर प्रदेशात बनावट अपघात दाव्यांच्या तपासासाठी विशेष पथक नेमावं लागलं आणि त्यात वकिलांवरही ठपका आला. पैसे घेऊन वाढीव टक्के लिहिणारे डॉक्टर आपल्याकडे नाहीत असं कोण छातीठोकपणे म्हणेल? पण नीट पाहिलं तर ही लबाडी टक्क्याच्याच आधाराने चालते. पैसे टक्क्यावर ठरत असतील तर टक्का विकत घेण्यात फायदा असतो. माणसाला कामावर काय जमत नाही हे तपासायचं ठरलं तर डॉक्टरांना साक्षीला यावं लागतं, कोणत्या हालचाली होत नाहीत ते सांगावं लागतं, आणि मुकादमाला, शेजाऱ्याला, ठेकेदाराला विचारता येतं. २०१० च्या त्याच निकालात न्यायालयाने उदार हाताने दाखले वाटणाऱ्या डॉक्टरांबद्दल सावध केलं होतं, शंका असेल तर वैद्यकीय मंडळाकडे पाठवायला सांगितलं होतं, आणि न्यायाधिकरणांनी गप्प बसून न राहता सत्य शोधावं असंही म्हटलं होतं. विम्याच्या हप्त्याबद्दल एवढंच म्हणतो: भरपाई कमी दिली म्हणून नुकसान कमी होत नाही. ते सगळ्या वाहनधारकांत विभागून जाण्याऐवजी एका घरात येऊन बसतं. शाळा सोडलेल्या मुलीच्या, दोन घरची जास्त धुणीभांडी धरलेल्या बायकोच्या आणि सावकाराकडे गेलेल्या मंगळसूत्राच्या रूपाने ते भरलं जातं.

कमाईबद्दल एवढं लिहिलं, पण वाढलेल्या देण्याबद्दल आपल्या चर्चेत जवळजवळ काहीच नसतं. ज्याला कुशीवर वळवायलाही माणूस लागतो, त्याला तो माणूस आयुष्यभर लागतो. आणि हा खर्च गरिबाला कमी लागतो असं कुठे आहे? २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बारा वर्षांच्या, मेंदूला जबर इजा झालेल्या मुलीच्या दाव्यात हा हिशेब नीट मांडला. दिवस-रात्र सांभाळायला दोन माणसं, प्रत्येकी महिना पाच हजार, आणि त्याला एकरकमी ठोकताळा न लावता १८ चा गुणक: म्हणजे सांभाळण्याचेच २१,६०,०००. त्याच मुलीचं उत्पन्न शून्य न धरता कुशल कामगाराच्या किमान वेतनावर धरलं. तरी आजही बहुतेक दाव्यांत ‘परिचारक’ या सदराखाली काही हजारांचा आकडा टाकून विषय संपतो, कारण सांभाळणारी असते आई किंवा बायको, आणि तिच्या कष्टांना आपण खर्च मानतच नाही. ती स्वतः जखमी झाली तर तिच्या स्वयंपाकाला, पाण्याला, म्हाताऱ्यांच्या सेवेला काय किंमत धरायची हे शिकायलाही न्यायालयांना कितीतरी वर्षं लागली. २००१ मध्ये जमशेदपूरच्या आगीच्या प्रकरणात गृहिणीच्या कामाचे महिना तीन हजार धरले गेले तेव्हा तो मोठा बदल वाटला होता. कृत्रिम पायाचंही तसंच. तो काही वर्षांनी झिजतो, बदलावा लागतो. पंचविशीतल्या मुलाला एका पायाचे पैसे देऊन पाठवलं तर पस्तिशीत त्याने काय घालायचं?

मग करावं काय? अपंगत्वाच्या दाखल्याचा नमुना बदलावा, ही सगळ्यात सोपी आणि बिनखर्चाची गोष्ट आहे. आजचा टक्का मुख्यतः सवलती आणि योजनांसाठी आहे, ४० टक्के भरले की नाहीत एवढं पाहायला. दाव्यासाठी लागणाऱ्या कागदावर डॉक्टरांनी लिहावं: उकिडवं बसता येतं का, शिडी चढता येते का, दहा किलो उचलून वीस पावलं जाता येतं का, सलग किती वेळ उभं राहता येतं. एवढं लिहायला पाच मिनिटं पुरतात. त्याखाली माणसाचा व्यवसाय लिहावा. ज्यांना आयुष्यभर सांभाळावं लागणार त्यांना सगळी रक्कम एकदम न देता दरवर्षी वाढत जाणारा हप्ता द्यावा. ब्रिटनमध्ये २००५ पासून न्यायालयं असा आदेश देऊ शकतात, आणि आपल्याकडेही १९९४ पासून अशिक्षित आणि अल्पवयीन दावेदारांचे पैसे मुदत ठेवीत ठेवण्याची पद्धत आहेच.

आणि तक्त्याची खरी जागा त्याला परत द्यावी. मोटार वाहन कायद्यात पूर्वी कलम १४० होतं. कायमच्या अपंगत्वाला फक्त २५,००० मिळत, पण ते लगेच मिळत आणि मूळ दावा चालू राही. एप्रिल २०२२ पासून ते गेलं. आता कलम १६४ आहे: गंभीर दुखापतीला अडीच लाख, चूक सिद्ध न करता. रक्कम दसपट झाली, पण सोबत एक अट आली: विमा कंपनीकडून ती स्वीकारली की न्यायाधिकरणातला दावा संपला. तातडीची मदत आणि न्याय यांतलं एकच निवडा असं कायदा जखमी माणसाला सांगतो, तेही नेमकं अशा महिन्यांत, जेव्हा घरात पीठ आणायला पैसे नसतात. ही अट काढून टाकावी. अडीच लाख आगाऊ द्यावेत, अंतिम रकमेतून वळते करावेत. झटपट पैशाची जी गरज तक्तेवाले सांगतात ती यात भागते, आणि बाकीच्या हिशेबाला वेळ मिळतो.

गेल्या महिन्यात मिस्त्री घरी आले होते. लोकअदालतीसाठी कंपनीने आकडा कळवला होता: सहा लाख, सगळं मिळून. त्यांनी कागद टेबलावर ठेवला आणि आखडलेला पाय पुढे सरळ करून बसले. “सर, घेऊन टाकू का? पोरीची कॉलेजची फी भरायचीय पंधरा तारखेला.” मी वहीत मघाचाच हिशेब मांडून दाखवला, पंधरा टक्क्यांचा आणि साठ टक्क्यांचा. ते बराच वेळ आकड्यांकडे बघत राहिले. मग म्हणाले, “हे साठवालं मिळायला किती दिवस लागतील?” मी म्हणालो, सांगता येत नाही, वरच्या कोर्टात गेलं तर आणखी काही वर्षं. त्यांनी कागद घडी करून खिशात ठेवला. फीचं मी बघतो म्हणालो, पण ते काही बोलले नाहीत. लोकअदालत येत्या शनिवारी आहे.